नाव ठेवा, नावे ठेवू नका

(३ जानेवारी रोजी सातारा जिल्ह्यातील एका खेड्याच्या शाळेत, पालकांच्या सभेपुढे तेथील शिक्षिकाबाईंनी केलेले भाषण)



आज सावित्रीबाईंची जयंती. त्यांचे चरित्र मुलींनी आताच आपणांपुढे वाचले, म्हणून ते मी पुन्हा सांगत बसत नाही. मला आज एका नावाविषयी चार शब्द बोलायचे आहेत. ते नाव कोणा देवीचे नाही, नदीचे नाही, फुलाचेही नाही. तरीही आपल्या सातारा जिल्ह्यात ते शेकडो मुलींना ठेवले गेले आणि आपल्यासारख्या कष्टकरी घरांतूनच ठेवले गेले. ते नाव म्हणजे नकुसा. कोणी नकुशी म्हणतात, कोणी नकोशी म्हणतात. अर्थ एकच.

शब्दाची फोड करायला मोठे व्याकरण लागत नाही. 'नको' ह्या शब्दाला शेपूट जोडले की नकोसा, नकोशी, नकोसे असे तीन शब्द होतात. हा शब्द आपण कोठे वापरतो पाहा. वैशाखातले ऊन नकोसे होते. लांबलेले दुखणे नकोसे होते. सावकाराचा तगादा लागला की जीव नकोसा होतो. म्हणजे ज्याच्यापासून सुटका व्हावी असे वाटते, त्याला आपण नकोसे म्हणतो. तोच शब्द पाळण्यातल्या बारा दिवसांच्या लेकराच्या कानात सांगायचा, वर कुर्रर्र करायचे आणि घुगऱ्या वाटायच्या! आपल्या भाषेत नाव ठेवणे म्हणजे बारसे करणे आणि नावे ठेवणे म्हणजे दोष काढणे. दोहोंत एका मात्रेचा फरक. नकुसाच्या बारशात तेवढाही फरक आपण ठेवला नाही.

हे नाव पहिल्या मुलीला सहसा ठेवत नाहीत. पहिली झाली की लक्ष्मी आली म्हणतात. दुसरी झाली की घर गप्प होते. तिसरी किंवा चौथी झाली की म्हातारी माणसे सुचवतात, हिचे नाव नकुसा ठेवा, म्हणजे देवाला कळेल की आता मुली पुरे, आणि पुढच्या खेपेस मुलगा होईल. म्हणजे हे नाव मुलीसाठी नसतेच मुळी. ती देवाला लिहिलेली चिठ्ठी असते. चिठ्ठी लिहायला कागद मिळाला नाही, म्हणून लेकराचे कपाळ घेतले.

ही खोड आपल्याच मुलखाची आहे असे समजू नका. हरियाणात मुलीचे नाव भतेरी ठेवतात, म्हणजे पुष्कळ झाल्या. राजस्थानात धापू ठेवतात, म्हणजे पोट भरले. तमिळ मुलखात वेंडाम ठेवतात, तोही 'नको' असाच शब्द. दूर चीन देशात झाओदी असे मुलीचे नाव आढळते, त्याचा अर्थ धाकट्या भावाला बोलावून आण. भाषा निरनिराळ्या, पण पाळण्याजवळचे मन एकच.

आता येथे बसलेल्या वडीलधाऱ्या मंडळींपैकी कोणी म्हणेल, "बाई, आमच्यात पूर्वीपासून असली नावे आहेत. धोंडू आहे, दगडू आहे, केरबा आहे. त्यात काय झाले?" प्रश्न रास्त आहे, म्हणून त्याचे उत्तर नीट दिले पाहिजे. पूर्वी देवी, पटकी आणि प्लेग यांनी घरेच्या घरे ओस पडत. ज्या माउलीची दोन लेकरे गेली, ती तिसऱ्याचे नाव मुद्दाम धोंडू ठेवी. मुलगी असली तर धोंडाबाई, नाहीतर दगडाबाई. त्यामागे तिची समजूत अशी की, गोजिरे नाव ठेवले तर काळाची नजर पडेल. हा तर धोंडा आहे, हा तर केर आहे, याला नेऊन तुला काय मिळणार, असे ती काळाला सांगत असे. समजूत भाबडी होती. देवीची लस निघाल्यावर आणि विहिरीत औषध पडू लागल्यावर लेकरे जगू लागली ती नावांमुळे नव्हे. तरी त्या नावाच्या पोटात माया होती. धोंडू हे नाव लेकरू जगावे म्हणून ठेवलेले असे, आणि त्याचे टोक काळाकडे वळवलेले असे. नकुसा ह्या नावाचे टोक लेकराकडेच वळवलेले आहे. म्हणून ही दोन नावे एका तागडीत घालू नका.

आणखी एक गोष्ट सांगते, ती आपल्या समाजाने विसरू नये. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात मुलांची नावे कशी ठेवावी याचा नियम दिला आहे. ब्राह्मणाचे नाव मंगल असावे, क्षत्रियाचे बळाचे असावे, वैश्याचे धनाचे असावे आणि शूद्राचे नाव किळस येईल असे असावे, असा तो नियम आहे. नुसते नाव ऐकूनच माणसाची पायरी कळावी, अशी ती योजना. त्यापुढे गावोगाव जे चालले ते तुमच्या आजोबांना ठाऊक होते. ज्याचे नाव धोंडिबा, त्याला 'धोंड्या' म्हणून हाक. जिचे नाव रखमाबाई, तिला 'रखमे' म्हणून हाक. नावापुढे राव आणि बाई लावून घेण्यासाठीसुद्धा आपल्या वाडवडिलांना पिढ्यान्पिढ्या झगडावे लागले. १९२७ साली महाड येथे डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पुढाकाराने ती पोथी जाळली गेली, ती अशाच अपमानाच्या रागाने.

परंतु गंमत पाहा. त्याच अध्यायात, दोनच श्लोक पुढे, मुलीच्या नावाचाही नियम आहे. मुलीचे नाव उच्चारायला सोपे, कानाला गोड आणि मंगल असावे, असे तेथे म्हटले आहे. म्हणजे ज्या पोथीने आपल्याला घाणेरडी नावे ठेवा म्हणून सांगितले, तिनेही मुलीला नकुसा म्हणा असे सांगितलेले नाही. हे काम आपण आपल्या हाताने केले. दुसऱ्याने आपल्याला तुच्छ नाव दिले तर आपण सभा भरवतो, ठराव करतो. आपणच आपल्या लेकीला तुच्छ नाव दिले, तर त्याची दाद तिने कोणाकडे मागावी?

याच्या उलट एक घर तुम्हांला दाखवते. मंगळवेढ्याचे संत चोखोबा. चौदाव्या शतकातले. गावकुसाबाहेर राहणारे, देवळाची पायरी चढायची बंदी असलेले. लोक त्यांच्या सावलीला विटाळ म्हणत. त्या घरात बहिणीचे नाव काय होते? निर्मळा. बायकोचे नाव काय होते? सोयरा. जग ज्यांना अपवित्र म्हणत होते त्यांच्यात निर्मळा होती, आणि जग ज्यांना जवळ घेत नव्हते त्यांच्यात सोयरा होती. दोघींनी अभंग रचले आणि ते आजही गायले जातात. इतके हाल सोसणाऱ्या घरांतून लेकींना अशी नावे मिळाली, आणि आपल्या घरात दोन वेळची भाकर असून नाव मात्र नकुसा!

आता देवाला लिहिलेल्या चिठ्ठीकडे वळू. नकुसा नाव ठेवले की पुढे मुलगा होतो, हे खरे आहे काय? मुलगा की मुलगी हे कशाने ठरते याचा शोध १९०५ साली लागला. शोध लावणारी नेटी स्टीव्हन्स नावाची अमेरिकेतली बाई. ती आधी शाळेत शिकवीत असे, पुढे शास्त्रज्ञ झाली. पिठात पडणाऱ्या किड्यांवर सूक्ष्मदर्शकाखाली काम करून तिने दाखवले की, नराकडून येणाऱ्या बीजात दोन जाती असतात आणि कोणती जात मिळाली यावर नर की मादी ते ठरते. माणसातही तेच आहे. आईकडून येणारे गुणसूत्र सदा एकाच जातीचे, त्याला क्ष म्हणतात. बापाकडून कधी क्ष येते, कधी य येते. क्ष आले तर मुलगी, य आले तर मुलगा. ते आईच्या हाती नाही आणि बापाच्या इच्छेवरही नाही. बाळाच्या थोरल्या बहिणीच्या नावावर तर मुळीच नाही.

आपण शेतकरी आहोत. शाळू पेरला तर शाळूच उगवतो, आणि गहू का दिला नाहीस म्हणून आपण वावराला काठी मारीत नाही. मग तिसरी मुलगी झाली म्हणून सुनेला टोमणे मारणे आणि लेकीला नकुसा म्हणणे हे कोणत्या शहाणपणात बसते? नकुसानंतर एखाद्या घरी मुलगा झाला की ते दहा गावांत सांगतात. नकुसानंतर पुन्हा मुलगीच झाली ते कोणी सांगत नाही. समजुती अशाच वाढतात.

ह्या नावाने मुलीचे काय होते, ते आम्हां शिक्षकांना जास्त कळते. शाळेत रोज हजेरी होते. बाई पुकारतात, "नकुसा!" लेकरू उठून सांगते, "हजर!" वर्षाचे दोनशे दिवस धरले, तरी पहिलीपासून दहावीपर्यंत हे दोन हजार वेळा होते. दोन हजार वेळा तिला सांगायचे की तू नको आहेस, आणि दोन हजार वेळा तिने उभे राहून सांगायचे की मी आहे. पहिलीत तिला त्याचे काही वाटत नाही. तिसरी चौथीत मुले हसू लागतात. पुढे ती स्वतःच नाव हळू सांगू लागते, आणि नाव हळू सांगणारी मुलगी गणिताचे उत्तर येत असूनही हात वर करीत नाही. कोणी म्हणते, "लग्नात तांदळाच्या ताटात नवरा नवे नाव लिहील, तेव्हा सुटेल." म्हणजे बापाच्या घरी ती नकोशी, आणि तिला धड नाव मिळायचे तर ते परक्या घरी! शिवाय शाळा सोडल्याच्या दाखल्यावर जुने नाव राहते ते राहतेच.

ह्या गोष्टीचा उपाय आपल्याच जिल्ह्याने दाखवला आहे. २२ ऑक्टोबर २०११ रोजी सातारा येथे समारंभ करून नकुसा, नकुशी नावाच्या २८५ मुलींचे नव्याने बारसे झाले. नवी नावे लिहिलेली प्रमाणपत्रे त्यांच्या हाती दिली गेली. आपण कोण व्हायचे ते पुष्कळ मुलींनी स्वतः ठरवले. कोणी ऐश्वर्या झाली, कोणी वैशाली झाली, कोणी सावित्री झाली. बातमी परदेशी वर्तमानपत्रांतही छापून आली. ही गोष्ट अभिमानाची, तशी लाजेचीही. सावित्रीबाईंचे नायगाव ह्याच जिल्ह्यातले. १८४८ साली पुण्यात मुलींची शाळा काढणारी बाई जेथे १८३१ साली जन्मली, कर्मवीर भाऊराव पाटलांनी १९१९ साली जेथे रयत शिक्षण संस्था काढली, त्या मुलखात एकविसाव्या शतकातही इतक्या नकुसा निघाव्यात, हे काही भूषण नव्हे.

'सावित्री' ह्या नावाचाही अर्थ सांगून ठेवते. सवितृ म्हणजे सूर्य, जगाला कामाला लावणारा. त्यावरून सावित्री. जो गायत्री मंत्र बायकांच्या आणि शूद्रांच्या कानी पडू देत नसत, त्याचेही एक नाव सावित्रीच आहे. नायगावच्या माळ्याच्या घरी लेकीला ते नाव मिळाले, आणि तिने शाळा काढून त्या नावाचा अर्थ खरा केला. त्या २८५ मुलींतून ज्यांनी सावित्री हे नाव निवडले, त्यांनी काय निवडले ते त्यांना नक्कीच कळले असेल.

आता शेवटची हरकत. म्हण आहे, नाव सोनुबाई आणि हाती कथलाचा वाळा. नाव बदलून पोट भरते काय? नाही भरत. मी ते कबूल करते. म्हणूनच नुसत्या बारशावर थांबून चालत नाही. नाव ठेवल्यावर ते शाळेत घालावे लागते आणि पुढे जमिनीला लावावे लागते.

मुलीचे नाव शाळेत घालण्यात आपण आता बरेच पुढे आलो आहो. जमिनीला नाव लावण्यात मात्र आपण फार मागे आहो. एकत्र कुटुंबाच्या वडिलोपार्जित जमिनीत मुलीला मुलाइतका हक्क महाराष्ट्राने १९९४ साली दिला. २००५ साली तो हिंदू कायद्याखाली साऱ्या देशाला लागू झाला, आणि हा हक्क मुलीला जन्मानेच मिळतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली स्पष्ट केले. आणि आपण काय करतो? बाप गेला की दिवसकार्य उरकते न उरकते तोच बहिणींना तलाठ्याकडे नेतो आणि हक्कसोडपत्रावर सह्या घेतो. लुगडेचोळी देऊन पाठवतो. बहीणही सही करते, कारण माहेर तुटू नये असे तिला वाटते. माउल्यांनो, जिला बारशाला नकुसा म्हटले नाही, तिलाही सातबाऱ्यावर आपण नकुसाच म्हणतो. नाव मधुर ठेवले आणि फेरफारातून ते काढून टाकले, तर ती म्हण आपल्याच घराला लागू पडली.

आणि नकुसा निदान जन्माला तरी आली. ज्यांना जन्मच मिळाला नाही त्यांची नावे कोठे लिहिली जाणार? महाराष्ट्रात सहा वर्षांपर्यंतच्या मुलांमध्ये हजार मुलग्यांमागे १९९१ साली ९४६ मुली होत्या. २००१ साली ९१३ राहिल्या. २०११ च्या शिरगणतीत ८९४. निसर्गाचा हिशेब साधारण ९५० चा आहे. वीस वर्षांत ही जी खाली घसरण झाली ती पटकीने नाही, दुष्काळाने नाही. गर्भ तपासून मुलगी आहे असे कळल्यावर तिला नाहीशी करण्याने झाली. असल्या तपासणीला आळा घालणारा कायदा महाराष्ट्राने १९८८ साली देशात सर्वांआधी केला, १९९४ साली देशाने केला. कायदा दवाखान्याच्या दारावर पाटी लावू शकतो. घरातला 'नको' हा शब्द घरच्यांनीच पुसावा लागतो. नाव पुसले, पण तो शब्द मनात ठेवला, तर तो दुसऱ्या वाटेने बाहेर येतो.

तेव्हा आता करायचे काय, ते मोजक्या शब्दांत सांगते.

पहिले, आत्याबाईंनो, पाळण्याशी नाव सांगण्याचा मान तुमचा आहे. तुम्हीही ह्याच घरच्या लेकी. घरातल्यांनी नकुसा सांग म्हटले, तर सांगू नका. तुमच्या तोंडून नाव निघाल्याशिवाय बारसे होत नाही, हे ध्यानात ठेवा.

दुसरे, जन्माची नोंद एकवीस दिवसांत ग्रामपंचायतीत करा. नाव ठरले नसेल तर नोंद नावाशिवाय होते आणि वर्षाच्या आत नाव फुकट घालता येते. त्यानंतर पंधरा वर्षांपर्यंत थोडी फी भरून घालता येते. घाईने वाईट नाव घालू नका. १ ऑक्टोबर २०२३ पासून पुढे जन्मलेल्या मुलांना शाळेत घालताना जन्मदाखलाच पुरावा धरला जातो, म्हणून त्यावर पडलेले नाव जन्मभराचे समजा.

तिसरे, ज्यांच्या घरी अजून नकुसा आहे, त्यांनी ती शाळेत आहे तोवर मुख्याध्यापकांना भेटावे. शाळा सुटल्यावर काम अवघड होते. मोठ्या झालेल्या बाईला राजपत्रात छापून नाव बदलता येते. नवे नाव मात्र तिला विचारून ठेवा. पहिल्या वेळी कोणी तिला विचारले नव्हते.

चौथे, १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदावर मुलाच्या नावापुढे आईचे नाव, मग बापाचे नाव आणि मग आडनाव असा क्रम महाराष्ट्र सरकारने लावला आहे. म्हणजे आज जिला तुम्ही नकुसा म्हणाल, तिचे ते नाव उद्या तुमच्या नातवाच्या दाखल्यावर चढेल. ज्या मुलासाठी तुम्ही तिला नको म्हटले, त्याच्या भाच्याच्या कागदावर तो शब्द येऊन बसेल.

पाचवे, तलाठ्याकडे जाताना बहिणीला सहीसाठी नेऊ नका, नाव लावण्यासाठी न्या.

आपल्या बोलीत मुलाने पराक्रम केला की म्हणतात, त्याने घराण्याचे नाव काढले. मुलगीही नाव काढते. ते आपण आज पाहतो आहो, बसगाडी हाकण्यापासून कलेक्टरच्या खुर्चीपर्यंत पाहतो आहो. पण तिने नाव काढावे अशी इच्छा असेल, तर आधी आपण तिला काढण्याजोगे नाव दिले पाहिजे.

माझे बोलणे थोडे कडू झाले असेल. लिंबाचा पाला कडूच असतो, पण धान्यात घातला की कीड लागत नाही, हे तुम्हांला मी सांगावे असे नाही.